धरले गेलेले

सातारा, सांगली आणि कोल्हापूर या पट्ट्यातल्या अनेक जुन्या गावांत चावडीच्या, नाहीतर शाळेच्या भिंतीत एक लहान संगमरवरी पाटी बसवलेली आढळते. पहिल्या महायुद्धानंतर इंग्रज सरकारने ती बसवली. या गावातून १९१४ ते १९१९ च्या महायुद्धाला इतके लोक गेले, त्यांपैकी इतक्यांनी प्राण दिले, एवढाच मजकूर. आकडे दोनच. ते वाचून कोणालाही वाटावे की वजाबाकी केली की उरलेले सगळे सुखरूप घरी आले. त्या उरलेल्यांत शत्रूच्या हाती सापडून दोन-अडीच वर्षे उपासमारीत काढलेले शिपाई होते, याचा मागमूस पाटीवर नाही. गावाच्या आठवणीतही तो फारसा उरलेला नाही.

शिरोळ तालुक्यातले टाकळी पिढ्यान्‌पिढ्या पलटणीत माणसे पाठवत आले, म्हणून त्याचे नावच सैनिक टाकळी पडले. सातारा जिल्ह्यातले अपशिंगे तसेच ‘मिलिटरी’ म्हणून ओळखले जाते. या मुलखात लढाईच्या गोष्टींना तोटा नाही. पदके मिळवलेल्यांचा मान आहे, धारातीर्थी पडलेल्यांची स्मारके आहेत. धरले गेलेल्यांची गोष्ट मात्र घरातही दबक्या आवाजात सांगितली गेली. हत्यार खाली ठेवले यातच काहीतरी कमीपणा आहे, अशी समजूत. वास्तविक हत्यार खाली ठेवण्याचा निर्णय क्वचितच शिपायाचा असतो. त्यानंतरचा एकेक दिवस ढकलण्याचे काम मात्र त्याच्याच वाट्याला येते. त्याला हिंमत लागतेच. पण गेल्या शंभर वर्षांतल्या कैदेच्या हकिकती एकत्र ठेवल्या तर दिसते की माणूस वाचला की मेला हे बहुतेक वेळा हिमतीपेक्षा दुसऱ्याच गोष्टींनी ठरवले: ताटात काय पडले, खांद्यावर हुद्दा कोणता होता, नाव कोणत्या यादीत चढले आणि शेजारी कोण होते.

महाराष्ट्रापुरता या विषयाचा सगळ्यात मोठा आणि सगळ्यात विसरला गेलेला अध्याय इराकमधल्या कुत-अल-अमाराचा. मेजर जनरल चार्ल्स टाउनशेंड यांच्या हाताखालची सहावी डिव्हिजन ‘पूना डिव्हिजन’ म्हणूनच ओळखली जाई. तिच्यात १०३, ११० आणि ११७ अशा तीन मराठा पलटणी होत्या. कोकणातले, सातारा-कोल्हापूरकडचे, पुण्याच्या मावळातले शेतकऱ्यांचे मुलगे त्यांत भरती झालेले. नोव्हेंबर १९१५ मध्ये बगदादच्या उंबरठ्यावर टेसिफोनला ही फौज अडली, मागे हटली आणि तैग्रिस नदीच्या वळणातल्या कुत गावात येऊन थांबली. ७ डिसेंबरला तुर्कांनी वेढा आवळला. तो जवळजवळ पाच महिने टिकला.

पुढे कैदेत जे व्हायचे होते त्याची सुरुवात वेढ्यातच झाली. धान्य संपत आले तसे तोफखान्याचे आणि रिसाल्याचे घोडे कापले जाऊ लागले. गोऱ्या शिपायांनी ते मांस खाल्ले. भारतीय शिपायांनी नकार दिला. मराठा शिपाई बोकड-कोंबडी खाणारा, पण खंडेनवमीला ज्या घोड्याची पूजा करायची त्याचे मांस तोंडात घालायचे कसे? आणि खाल्ले हे गावी कळले तर? पंगतीत कोण घेईल, मुलीचे लग्न कुठे जमेल? ही भीती फाजील नव्हती. ज्या कोल्हापुरातून हे शिपाई गेले तिथे खुद्द छत्रपतींना वेदोक्ताचा अधिकार आहे की नाही यावरून रण माजून जेमतेम पंधरा वर्षे लोटली होती. कोणी कोणाच्या हातचे काय खाल्ले यावर माणसाची जागा ठरत होती. हिंदुस्थानातल्या धर्मपुरुषांकडून परवानगीचे संदेश मागवून ते कुतमध्ये पोचवले गेले, तरी बरेच दिवस उपयोग झाला नाही. ताजी भाजी नाही, मांस नाही, पिठाचे प्रमाण रोज घटते. भारतीय पलटणींत स्कर्व्हीने दात हलू लागले, जुन्या जखमा पुन्हा उघडू लागल्या. नदीकाठचे गवत आणि रानपाला शिजवून खाण्याची पाळी आली. एप्रिलच्या मध्याला बहुतेकांनी अखेर घोड्याचे मांस स्वीकारले, पण तोवर अंगातली ताकद गेली होती. विमानांतून पिठाची पोती टाकून पाहिली. वेढलेल्या फौजेला आकाशातून अन्न पुरवण्याचा हा जगातला पहिला मोठा प्रयत्न, आणि तो अगदीच अपुरा पडला. २४ एप्रिलच्या रात्री धान्य घेऊन निघालेली ‘जुलनार’ ही आगबोट तुर्कांनी वाटेत पकडली. २९ एप्रिल १९१६ रोजी कुत शरण गेले. सुमारे तेरा हजार माणसे कैद झाली. त्यांत दहा हजारांहून अधिक भारतीय होते. या भारतीयांत तीन हजारांच्या आसपास बिनलढाऊ होते: पाणक्ये, खेचरवाले, डोलीवाले, स्वयंपाकी. इतिहासाच्या पुस्तकांत त्यांना एका ओळीपेक्षा जास्त जागा मिळत नाही.

शरणागतीनंतर सगळ्यांना नदीच्या वरच्या अंगाला शुमरान येथे नेले. तिथे तुर्कांनी वाटली ती जाड, दगडासारखी बिस्किटे. उपाशी माणसांनी ती भिजवून, काहींनी तशीच, अधाशासारखी खाल्ली. पाच महिने आक्रसलेल्या आतड्यांना ती झेपली नाहीत. आठवड्याभरात तीनशेच्या आसपास माणसे उलट्या-जुलाबांनी गेली. गोळी न लागता, मार न बसता.

तिथेच अधिकारी आणि शिपाई वेगळे झाले. अधिकाऱ्यांना बोटीने बगदादला नेले आणि पुढे अनातोलियातल्या गावांत, घरांत ठेवले. टाउनशेंड स्वतः इस्तंबूलजवळच्या एका बेटावर बंगल्यात राहिले. शिपाई पायी निघाले. मे महिन्याचा इराकी उन्हाळा, बगदादपर्यंत दीडशेहून अधिक किलोमीटर, तिथून समारापर्यंत रेल्वे आणि मग पुन्हा पायी तिक्रित, मोसुल, नुसैबीन करत रास-अल-ऐनपर्यंत पाचशे किलोमीटरहून जास्त. या वाटचालीत सगळ्यात मोलाची वस्तू ठरली ती बूट. ज्याने भाकरीसाठी किंवा मूठभर खजुरासाठी बूट विकले, किंवा ज्याच्या पायांतून पहारेकऱ्याने ते काढून घेतले, तो तापलेल्या खडीवर चिंध्या बांधून चालला आणि मागे पडला. मागे पडलेल्याला थांबून घेणारे कोणी नव्हते. अतिसाराने बेजार झालेला माणूस वाटेवर बसला की बहुधा तिथेच राहिला. जे पोचले त्यांच्यातल्या हिंदू आणि शीख कैद्यांना मुख्यतः रास-अल-ऐनला बगदाद रेल्वेच्या कामाला जुंपले: माती खणणे, भराव घालणे, रूळ वाहणे. मुसलमान कैद्यांना तुर्कांनी वेगळे काढले होते, त्यांना आपल्या बाजूला वळवण्याचा प्रयत्न चालला होता. हिवाळ्यात उवांबरोबर टायफस आला.

कुतच्या भारतीय कैद्यांचे आतून केलेले सविस्तर वर्णन मराठीत नाही. ते बंगालीत आहे, कारण बेंगॉल अँब्युलन्स कोअरमधला शिशिर प्रसाद सर्बाधिकारी लिहिता-वाचता होता. त्याने नोंदी ठेवल्या, कागद बुटात दडवले आणि पुढे १९५७ मध्ये ‘अभि ले बगदाद’ या नावाने ते पुस्तकरूपाने आले. तो वाचला याची कारणे पाहण्यासारखी आहेत. तो तुर्की शिकला, इस्पितळात कामाला लागला, दुभाषा झाला. इस्पितळात छप्पर होते, चूल जवळ होती. भरावावर टोपली वाहणाऱ्याला यांतले काहीच नव्हते. मराठा पलटणीतल्या बहुतेक शिपायांना सही करण्यापलीकडे अक्षरओळख नव्हती आणि घरची पत्रेही दुसऱ्याकडून लिहून घ्यावी लागत. त्यांच्या कैदेचे शब्द त्यांच्याबरोबरच गेले. या प्रदेशाच्या इतिहासलेखनातली ही सगळ्यात दुखरी फट आहे.

आकडे सांगतात ते असे. कुतमध्ये धरलेल्या सुमारे २,६०० गोऱ्या शिपायांपैकी १,७५० च्या आसपास कैदेत मेले किंवा त्यांचा पत्ता लागला नाही. भारतीयांमध्ये असे तीन हजारांच्या आसपास. त्यांतले निम्म्याहून अधिक ‘मृत’ या सदरात नाहीतच, ते ‘ठावठिकाणा नाही’ या सदरात आहेत. कारकुनाच्या दृष्टीने हे दोन रकाने. घरच्या बाईच्या दृष्टीने पहिल्यात कुंकू पुसायचे आणि दुसऱ्यात काय करायचे ते कोणी सांगू शकत नव्हते.

तुर्कांनी कायदा मोडला का? मोडला, पण उत्तर तेवढ्यावर संपत नाही. त्या वेळी लागू असलेल्या १९०७ च्या हेग नियमांनुसार कैद्याला अन्न, निवारा आणि कपडे पकडणाऱ्या फौजेच्या स्वतःच्या शिपायांइतके मिळायला हवे होते. कागदावर हा नियम न्याय्य वाटतो. पण मेसोपोटेमियात तुर्की शिपाई स्वतः फाटक्या पायताणांनी, अर्धपोटी, टायफसने मरत लढत होता. त्याच्या बरोबरीची वागणूक म्हणजेच मृत्यू होता. क्रौर्य होते, चाबूक होते, लूट होती, पण माणसे मोठ्या संख्येने मेली ती व्यवस्थाच नसल्यामुळे. १९२९ आणि १९४९ च्या जिनिव्हा करारांमध्ये कैद्याच्या आहारावर स्वतंत्र कलमे आली. त्यांत १९४९ च्या करारात कैद्याच्या नेहमीच्या आहाराचा विचार करावा असेही स्पष्ट लिहिले गेले. घोड्याच्या मांसापुढे बसलेल्या शिपायाची अडचण कायद्याला कळायला इतका काळ जावा लागला.

मेल्यावरची वागणूकही हुद्द्याप्रमाणे आणि वर्णाप्रमाणे झाली. मेसोपोटेमियात ज्यांना कबर मिळाली नाही त्यांच्यासाठी बसऱ्याला जे स्मारक उभारले त्यावर गोऱ्या शिपायांची नावे कोरली गेली. भारतीयांमध्ये अधिकाऱ्यांची नावे आली आणि साध्या शिपायांची पलटणवार फक्त संख्या. राष्ट्रकुल युद्धकबर आयोगाने २०२१ च्या आपल्या अहवालात ही विषमता मान्य केली. ते स्मारक १९९७ मध्ये सद्दाम हुसेनच्या हुकमाने बसऱ्याबाहेर नासिरियाच्या रस्त्यावर वाळवंटात हलवले गेले, त्यामुळे आता नावे पाहायला जाणेही सोपे नाही. जिनिव्हाच्या रेडक्रॉस समितीने पहिल्या महायुद्धातल्या कैद्यांची कार्डे आणि याद्या २०१४ पासून संगणकावर खुल्या केल्या आहेत. कोल्हापूर-साताऱ्यातल्या इतिहासाच्या विद्यार्थ्यांनी पलटण क्रमांकाच्या आधाराने त्या चाळल्या तर बरेच काही हाती लागू शकेल. हे काम व्हायलाच हवे.

दुसऱ्या महायुद्धात परिस्थिती पालटली, निदान युरोपात. २१ जून १९४२ रोजी लिबियातले तोब्रुक रोमेलच्या हाती पडले तेव्हा तेहतीस हजारांच्या आसपास सैनिक कैद झाले. त्यांत मराठा लाइट इन्फन्ट्रीची दुसरी पलटण होती, ‘काली पांचवी’ म्हणून फौजेत नावाजलेली. वाळवंटातल्या काटेरी तारांच्या कुंपणात पहिले काही आठवडे पाण्यावाचून आणि आमांशाने हाल झाले. मग समुद्रापार इटली. इथे मात्र एक नवी गोष्ट होती: रेडक्रॉसची पार्सले. भारतीय कैद्यांसाठी वेगळी पार्सले बांधली जात आणि त्यांत तूप, डाळ, पीठ, मसाला असे. ती वेळेवर येत नसत, कधी महिनाभर येतच नसत. पण आली की रिकाम्या पत्र्याच्या डब्यांतून केलेल्या शेगडीवर डाळ शिजे, आणि त्या वासाने माणूस आठवडाभर तग धरे. छावणीत पैशाचे काम सिगारेटने केले. लिबियात पकडला गेलेला ब्रिटिश अर्थशास्त्रज्ञ आर. ए. रॅडफर्ड याने १९४५ मध्ये कैदी छावणीतल्या बाजारावर लेख लिहिला. त्यात उर्दू जाणणाऱ्या एका कैद्याचा उल्लेख आहे. शीख कैदी गोमांसाचे डबे खात नसत. हा त्यांच्याकडून ते डबे घेई, त्या बदल्यात लोणी आणि जाम देई, आणि मधला नफा खाई. कुतमध्ये जो आहारनियम जिवावर बेतला, तोच इथे देवघेवीचा आधार झाला, कारण अन्न थोडे का होईना, पण होते.

अधिकाऱ्यांच्या छावण्या वेगळ्या. नेपल्सजवळच्या आवेर्सा येथे भारतीय अधिकारी ठेवलेले होते. पुढे भारताचे लष्करप्रमुख झालेले कुमारमंगलम आणि पुढे पाकिस्तानचे राष्ट्राध्यक्ष झालेले याह्या खान या कैदेत बरोबर होते. मेजर जनरल ए. एस. नरवणे यांनी इंग्रजीत लिहिलेल्या आठवणींमध्ये हा काळ आला आहे. एकाच बराकीत राहिलेल्या माणसांच्या देशांमध्ये १९७१ चे युद्ध झाले आणि त्यातून पुन्हा नव्याने कैदी निर्माण झाले. सप्टेंबर १९४३ मध्ये इटलीने शस्त्रे ठेवल्यावर अनेक कैदी छावण्यांतून निसटले. डोंगरातल्या गरीब शेतकऱ्यांनी त्यांना लपवले, आपल्या घासातला घास दिला. बाकीचे जर्मनांनी उत्तरेला नेले. ११ मे १९४४ रोजी फ्रान्समधल्या एपिनालच्या छावणीवर अमेरिकन बॉम्ब पडले आणि त्या गोंधळात शेकडो भारतीय कैदी चालत स्वित्झर्लंडच्या हद्दीत शिरले. सुमारे पाचशे जण पोचले. कैदेतून इतक्या मोठ्या संख्येने झालेली सुटका त्या युद्धात क्वचितच घडली असेल, पण आपल्याकडच्या शाळेच्या पुस्तकांत तिचा उल्लेख नाही.

पूर्वेला जपान्यांच्या ताब्यातल्यांची कथा कुतच्या जवळची. सिंगापुरात १९४२ च्या फेब्रुवारीत चाळीस हजारांच्या आसपास भारतीय कैद झाले. काही आझाद हिंद सेनेत गेले. जे गेले नाहीत त्यांतल्या हजारोंना न्यू गिनी आणि आसपासच्या बेटांवर हमाली करायला नेले. वेवाकला गेलेल्या सुमारे तीन हजारांपैकी युद्ध संपताना ऑस्ट्रेलियन फौजेच्या हाती जिवंत लागले ते अकरा. त्यांतला जमादार चिंत सिंग युद्धगुन्ह्यांच्या खटल्यात साक्ष द्यायला मागे थांबला. पुढे निघालेले त्याचे दहा सोबती विमान अपघातात गेले.

याच काळात कोल्हापूरच्या वेशीवर दूरच्या एका कैदेची सावली येऊन थांबली. १९३९ मध्ये सोव्हिएत फौजांनी पूर्व पोलंड घेतला आणि तिथले हजारो अधिकारी कोझेल्स्क, स्तारोबेल्स्क, ओस्ताश्कोव्ह या छावण्यांत डांबले. १९४० च्या वसंतात त्यांतल्या बहुतेकांना गोळ्या घालण्यात आल्या. कातिनचे जंगल त्या हत्याकांडाचे नाव झाले. त्याच एप्रिलमध्ये या कैद्यांच्या बायकामुलांना गाड्यांत भरून कझाकस्तानकडे हाकलले. १९४१ मध्ये हिटलरने सोव्हिएत देशावर हल्ला केल्यावर सोव्हिएत सरकारने पोलिश लोकांना सोडले. इराणमार्गे जी माणसे बाहेर पडली त्यांतली सुमारे पाच हजार १९४३ पासून वळिवडे येथे आली. बहुतेक बायका, मुले, म्हातारी माणसे. कोल्हापूर संस्थानच्या जमिनीवर बैठ्या घरांच्या रांगा उभ्या राहिल्या. शाळा, चर्च, इस्पितळ, नाटकाचे रंगमंच झाले.

वळिवड्याबद्दल आपण कौतुकाने बोलतो आणि ते योग्यच आहे. जामनगरच्या जामसाहेबांप्रमाणे कोल्हापूरनेही या लोकांना जागा दिली, आणि ऑगस्ट २०२४ मध्ये भारताच्या पंतप्रधानांनी वॉर्सातल्या कोल्हापूर स्मारकाला वंदन केले. पण या छावणीकडे आणखी एका अंगाने पाहायला हवे. इथे कैद्यांची कुटुंबे राहत होती. कोणाचा नवरा जनरल अँडर्सच्या पोलिश फौजेत इटलीत लढत होता, कोणाचा बाप १९४० पासून पत्र पाठवत नव्हता. एप्रिल १९४३ मध्ये जर्मन रेडिओने कातिनच्या थडग्यांची बातमी जगाला सांगितली. तीन वर्षे पत्र का आले नाही, याचे उत्तर त्या बातमीत होते. पाच वर्षे छावणी चालली. १९४८ मध्ये ती रिकामी झाली आणि फाळणीत उखडलेल्या सिंधी कुटुंबांना ती जागा मिळाली. तेच आजचे गांधीनगर, कापडाच्या घाऊक बाजारासाठी प्रसिद्ध. एका जागेवर दोन देशांच्या परागंदा लोकांनी संसार मांडले.

कैदेच्या इतिहासात कोल्हापूरचा आणखी एक माणूस येतो, आणि तो किल्ल्या हाती असलेल्या बाजूने येतो. वडगावचे जनरल शंकरराव पांडुरंग पाटील थोरात. कोरियातले युद्ध १९५३ मध्ये थांबले तेव्हा सगळ्यात अवघड प्रश्न कैद्यांचाच होता. संयुक्त राष्ट्रांच्या ताब्यातले बावीस हजारांहून अधिक चिनी आणि उत्तर कोरियन कैदी मायदेशी जायला तयार नव्हते, निदान तसे सांगितले जात होते. प्रत्येकाची खरी इच्छा विचारेपर्यंत त्यांना सांभाळायचे काम भारताकडे आले. जनरल थिमय्या तटस्थ राष्ट्रांच्या आयोगाचे अध्यक्ष झाले आणि सुमारे सहा हजारांच्या भारतीय रक्षक दलाचे प्रमुख थोरात. दक्षिण कोरियाच्या सिंगमन री यांनी भारतीय शिपायाचा पाय आपल्या भूमीवर पडू देणार नाही अशी भूमिका घेतली, म्हणून जवानांना बोटींतून हेलिकॉप्टरने थेट तटस्थ पट्ट्यात उतरवावे लागले. तिथे ‘हिंद नगर’ वसले.

हिंद नगरमध्ये अन्न होते, औषधे होती, चाबूक नव्हता. तरीही कैद्याचा जीव रोज टांगणीला होता, आणि धोका शेजारच्या अंथरुणावरून होता. प्रत्येक कुंपणात म्होरके होते. घरी परत जायचे म्हणणाऱ्याला ते मारत, काहींना ठार करत. परत जाऊ इच्छिणारा रात्री कुंपणाशी पळत येऊन पहारेकऱ्याच्या पायाशी पडे, हीच त्याची अर्ज करण्याची रीत. २५ सप्टेंबर १९५३ रोजी कैद्यांनी मेजर ग्रेवाल या भारतीय अधिकाऱ्याला आत ओढून ओलीस धरले. बाहेर जवान संतापले होते, एक गोळी सुटली असती तर शेकडो मेले असते. थोरात हत्याराविना आत गेले. भोवती घोषणा देणारा जमाव. त्यांनी धमकी दिली नाही. आपण पाहुणे म्हणून आलो आहोत आणि तुम्ही साधा चहा-सिगारेटही विचारत नाही, असे म्हणून त्यांनी कैद्यांनाच ओशाळवले. सिगारेट आली, बोलणे सुरू झाले, ग्रेवाल सुटले. या प्रसंगातल्या धैर्यासाठी थोरातांना दुसऱ्या श्रेणीचे अशोक चक्र मिळाले. ‘माझी शिपाईगिरी’ हे त्यांचे आत्मचरित्र मराठी वाचकांनी पुन्हा हाती घ्यावे असे आहे. कैद्याला माणूस म्हणून ओळखणारा अधिकारी काय करू शकतो हे त्या एका दुपारीने दाखवले. अखेरीस परत जाण्याचा मार्ग सहाशेच्या आसपास कैद्यांनीच निवडला. अठ्ठ्याऐंशी जणांना दोन्हीकडे जायचे नव्हते. ते भारतीय दलाबरोबर भारतात आले आणि काही कायमचे इथलेच झाले.

१९७१ च्या युद्धातली पाकिस्तानी कैद्यांची संख्या, त्र्याण्णव हजार, सगळ्यांना पाठ आहे. आपले शेकडो जण पलीकडे होते, हे कमी जणांना माहीत असते. रावळपिंडीच्या छावणीत हवाई दलाचे बारा वैमानिक होते. त्यांतल्या मराठी फ्लाइट लेफ्टनंट दिलीप परुळकर यांचे सुखोई विमान १० डिसेंबरला पाडले गेले होते. पहिले काही आठवडे एकांतकोठडी आणि चौकशी. सगळ्यांना सारखी वागणूक मिळाली असे मुळीच नाही. आदित्य विक्रम पेठिया यांचे इतके हाल झाले की क्षयाने पोखरलेल्या फुप्फुसांसह त्यांना इतरांच्या आधी मायदेशी पाठवावे लागले. उलट छावणीचे प्रमुख उस्मान हमीद यांच्या सभ्यपणाबद्दल कैद्यांनी पुढे आवर्जून लिहिले. नाताळला त्यांनी सगळ्यांना एकत्र येऊ दिले, केक मागवला. एकेकट्या कोठडीत खचत चाललेली माणसे त्या दिवसापासून पुन्हा स्क्वाड्रन झाली.

मग परुळकरांनी सुटकेची योजना आखली. मोडलेल्या पायांचे प्लास्टर घेऊन पडलेल्या स्क्वाड्रन लीडर कामत यांनी सुईला चुंबकत्व देऊन होकायंत्र बनवले. शाळेच्या नकाशापुस्तकातून वाट ठरली. वैमानिकाच्या जी-सूटमधून पाण्याच्या पिशव्या झाल्या. कैदी म्हणून मिळणाऱ्या भत्त्यातले पैसे साठवले. भिंतीतल्या विटा रात्री एकेक करून सोडवल्या. १२ ऑगस्ट १९७२ च्या रात्री परुळकर आणि त्यांचे सहकारी वैमानिक ग्रेवाल व हरीश सिंहजी बाहेर पडले, पेशावरला पोचले, तिथून खैबरच्या दिशेने निघाले आणि अफगाण सरहद्दीपासून थोड्याच अंतरावर लंडी कोतलला पकडले गेले. त्यांनी ज्या लंडी खाना स्टेशनची चौकशी केली ते १९३२ पासून बंद होते. जुन्या नकाशाने दगा दिला. या सुटकेवर पुस्तक निघाले, चित्रपट निघाला. पण या प्रसंगाचे महत्त्व नुसत्या थरारात शोधू नये. योजना आखणे हेच त्या महिन्यांचे अन्न होते. रोज काहीतरी करायचे आहे, कोणापासून तरी काहीतरी लपवायचे आहे, उद्याचे काम ठरले आहे. जे पळणार नव्हते तेही त्यात गुंतले, आणि त्यांचेही दिवस सरले. १ डिसेंबर १९७२ रोजी हे सगळे वाघामार्गे परतले.

सगळेच परतले नाहीत. फ्लाइट लेफ्टनंट विजय वसंत तांबे यांचे विमान ५ डिसेंबर १९७१ रोजी शोरकोटवर पडले. पाच भारतीय वैमानिक जिवंत पकडल्याची बातमी पाकिस्तानच्या एका इंग्रजी वृत्तपत्रात छापून आली आणि त्यात तांबे यांच्या नावाशी मिळतेजुळते नाव होते. परतलेल्यांच्या यादीत ते नव्हते. त्यांच्या पत्नी दमयंती तांबे बॅडमिंटनच्या राष्ट्रीय विजेत्या, अर्जुन पुरस्काराच्या मानकरी. लग्नाला दोन वर्षेही झाली नव्हती. त्यांनी खेळ सोडला, नोकरी धरली आणि पुढची सगळी वर्षे मंत्रालयांचे उंबरठे झिजवले. बेपत्ता चोपन्न जणांच्या नातेवाइकांना १९८३ मध्ये मुलतानच्या तुरुंगात आणि २००७ मध्ये पाकिस्तानातल्या अनेक तुरुंगांत नेण्यात आले. कोणी सापडले नाही. पाकिस्तान सरकारने आपल्याकडे असे कोणी नसल्याचे सातत्याने सांगितले आहे.

१९४९ च्या तिसऱ्या जिनिव्हा करारात १४३ कलमे आहेत. छावणीत पोचल्यावर आठवड्याच्या आत कैद्याला घरी कार्ड पाठवता आले पाहिजे, त्याचे नाव मध्यवर्ती संस्थेला कळवले गेले पाहिजे, महिन्याला किमान दोन पत्रे आणि चार कार्डे लिहिण्याची मुभा हवी, असे त्यात आहे. साध्या दिसणाऱ्या या तरतुदी बाकी सगळ्यांचा पाया आहेत. ज्याचे नाव कळवले गेले त्याला मारणे, हरवणे किंवा विसरणे अवघड होते. कळवले न गेलेल्या माणसाबाबत उरलेली कलमे वापरायची कोणासाठी, हाच प्रश्न पडतो.

२००८ च्या करारानुसार भारत आणि पाकिस्तान दर १ जानेवारीला आणि १ जुलैला आपापल्या ताब्यातल्या नागरी कैद्यांच्या आणि मच्छीमारांच्या याद्या एकमेकांना देतात. त्या दिवशी परराष्ट्र मंत्रालय जे निवेदन काढते त्यात नागरी कैदी आणि मच्छीमारांबरोबर बेपत्ता भारतीय संरक्षण कर्मचाऱ्यांची लवकर सुटका करावी अशी मागणी असते.